डाव्या कुशीची दुपार

तुमचं दुखणं संपलं, हे कधी दुसऱ्याच कुणी ठरवलंय का? आमच्या वहिनीचं ठरवलं. दवाखान्याच्या मोबाइल अ‍ॅपने.

वहिनी म्हणजे आमच्या गल्लीतल्या लाँड्रीची अर्धी मालकीण. उरलेला अर्धा मालक दादा, तिचा नवरा. त्याला ऐकू येत नाही, ओठ बघून बोलणं कळतं. वहिनीचा डावा खांदा कैक महिने ठणकत होता. पहिल्याच भेटीत अ‍ॅपने विचारलं, उपचाराचं ध्येय काय? खाली उत्तरांचे चार खोके. तिने ‘पूर्ण वेळ काम’ दाबलं. घर चालवणारी बाई दुसरं काय दाबणार? उपचार झाले, इस्त्री दिवसभर फिरू लागली, पडद्यावर हिरवी खूण आली. म्हणजे आता उपचार बंद! त्यावर वहिनीने शेवटच्या ‘कसं वाटतंय?’ला रडका चेहरा दाबला.

त्या चेहऱ्यापायी अ‍ॅप बनवणारी मुलगी थेट लाँड्रीत हजर.

“जाहिरातीसाठी फोटो काढायला आलात?” कपड्यांच्या घड्या घालता घालता मी म्हटलं.

“नाही हो. ध्येय गाठलं, मग रडू कशाचं? डोक्यातून जाईचना.”

“तुमच्या डोक्याला आम्ही काय इस्त्री करायची?”

“बसू द्या की तिला,” वहिनी म्हणाली.

दुपार कलत होती. बॉयलरची धग तेवढी उरली होती. विरत्या वाफेत टांगलेले पांढरे शर्ट हळूहळू डुलत होते, जणू बिनचेहऱ्याचे पाहुणे उभ्या उभ्या पेंगतायत. मागच्या खोलीत, खिडकीच्या बाजूला, दादा चटईवर पडला होता.

“वहिनी, तुम्ही कुठे पडता?” अ‍ॅपवालीने विचारलं.

“ह्यांच्या शेजारी. भिंतीकडे तोंड करून. डाव्या कुशीवर वळले की खांदा जीव खातो.”

“आणि आधी?”

वहिनी लाजली. “आधी ह्यांच्याकडे तोंड. खिडकीचा उजेड माझ्या ओठांवर यायचा. दिवसभर वाफेत ह्यांना काय दिसणार? बोलायचो ते तेव्हाच.”

“काय बोलायचात?”

“कसलं काय! मला पडलेली स्वप्नं सांगायचे. निम्मी खोटी.”

दादा उठला तशी अ‍ॅपवाली खुशाल चटईवर आडवी झाली. “जागा बदलली तर?”

“मग उजेड माझ्या पाठीला. अंधारात ओठ वाचायला हे काय घुबड आहेत?”

“उशी त्या टोकाला नेली तर?”

“तिकडे बॉयलर. दोघं भाजून निघू.”

दादाने ते बरोबर वाचलं आणि पोट धरून हसला.

तिने तिथूनच डॉक्टरांना स्पीकरवर फोन लावला. “झोपायची कूस हे काय ध्येय झालं?” पलीकडून आवाज आला. मी फोन हिसकावणार, तेवढ्यात तीच म्हणाली, “वहिनींचं तेच आहे, डॉक्टर. आपण विचारलंच नव्हतं, नुसते खोके पुढे केले.”

मग डॉक्टरांनीच विचारलं, “किती वेळ पडता यायला हवं?”

वहिनीने दादाकडे पाहिलं. “एक स्वप्न सांगून होईपर्यंत.”

“दुखायचं पूर्ण थांबेल असं नाही सांगत,” डॉक्टर म्हणाले, “पण तेवढं जमवून बघू. या तुम्ही.”

उपचार चालू राहिले. आता खांद्याखाली मऊ घडी घेऊन वहिनी डावीकडे वळते. ओठ हलतात, आवाज नसतो, आणि दादाच्या तोंडावर कुठल्या तरी न पाहिलेल्या गावाचं हसू उमटतं. मध्येच ती कण्हते, उताणी होते, पुन्हा वळते.

तेव्हा दुपारी तिथून जाणार असाल तर मेहरबानी करा, शर्टासाठी हाका मारू नका.