चलनांवरचं भांडण

वहिनी खोकी बनवायची आणि तिचा दीर बूट. दिराचे बूट वहिनीच्या खोक्यांत जायचे, एवढाच दोघांचा संबंध उरला होता. तिचा नवरा गेला आणि वाटणीवरून दोघांची जी जुंपली, ती बोलणं कायमचं बंद होऊनच थांबली. खोकी मात्र चालू राहिली. तिला दुसरं मोठं गिऱ्हाईक नव्हतं आणि त्याला इतक्या स्वस्तात दुसरं कोणी देत नव्हतं.

तोंड बंद झालं म्हणून भांडण थोडंच बंद होतं! ते मालाच्या पोच-पावत्यांवर, म्हणजे चलनांवर उतरलं. मालाबरोबर चलनाच्या दोन प्रती जायच्या. एक दिराकडे राहायची, दुसरी तो सही करून परत पाठवायचा. सहीच्या वर लिहायचा, "दोन हजार खोकी मिळाली. झाकणं ठीक. दर दरोडेखोराचा." पुढच्या खेपेला त्याच्या प्रतीवर वहिनीचं उत्तर, "दरोडेखोर घरातच होता, ओळखायला उशीर झाला." खाली ठसठशीत सही. दोघं शिकलेली, कमावती माणसं, आणि चार वर्षं हा पोरखेळ!

मग त्यानं पैसे थांबवले. अकरा बिलं थकली. वहिनीचं कटिंग मशीन हप्त्यांवर घेतलेलं. महिनाअखेरपर्यंत थकलेले हप्ते भरले नाहीत तर फायनान्सवाले ते उचलून नेणार होते, आणि मशीन गेलं की धंदाच आटोपला. दिराला हे पक्कं ठाऊक होतं. म्हणूनच तर थांबवले.

"समरी दावा लावू," वकीलबाई म्हणाल्या. "स्वतःकडे खरंच बचाव आहे, हे त्यांनी आधी जजना पटवायचं. नाही पटलं तर खटला लांबत नाही, थेट निकाल. मग त्यांचं बँक खातं गोठवता येतं."

कोर्टात दिराच्या वकिलानं ठणकावून सांगितलं, "माल निकृष्ट होता. बराचसा तर मिळालाच नाही."

जजसाहेब चलनं उलटून मोठ्यानं वाचू लागले. "'बाराशे मिळाली. खोकी मजबूत, बाई माजोरडी.' ही सही तुमचीच ना?"

मागच्या बाकावर कोणीतरी फिसकन हसलं. दिराचा चेहरा पडला. मर मेल्या, वहिनी मनात म्हणाली, स्वतःच्या हातानं लिहून दिलंस.

दहा चलनं झाली. अकराव्याला दिराच्या वकिलानं आपल्याकडची प्रत पुढे केली. सगळ्यांत मोठी खेप तीच. तिच्यावर वहिनीचं अक्षर होतं, "तुमच्या पैशांवर थुंकते. या खेपेची दमडीही नको मला." खाली सही.

"अहो, ते रागाच्या भरात लिहिलं होतं," ती वकीलबाईंना म्हणाली.

"ते सिद्ध करण्यात पाच वर्षं जातील. या बिलासाठी अडून बसलात तर ते सगळाच दावा लोंबकळत ठेवतील. याच्यावर पाणी सोडा, दहांचा निकाल मी आजच मागते. हप्ते तेवढे भागतील."

वहिनीनं दिराकडे पाहिलं. तो गालात हसत होता. जिभेवर आलेल्या शिव्या तिनं महत्प्रयासानं गिळल्या आणि ती उभी राहिली.

"साहेब, त्या बिलाचे पैसे मी सोडले."

जजसाहेब उरलेल्या दहा बिलांचा निकाल सांगू लागले. तेवढ्यात दीर तिच्याकडे झुकला आणि चार वर्षांत पहिल्यांदा तिच्याशी बोलला. "आभारी आहे हं, वहिनी."

जजसाहेब अजून निकाल सांगत होते. ती गप्प बसली.