वरचं गोड, खालचं खारं

पंपाची किल्ली कमरेला होती तोवर थोरलीला कुणाचा हेवा कसा तो माहीत नव्हता. सख्ख्या बहिणीने दुमजली घर बांधलं, नणंदेच्या मुलीला परदेशात नोकरी लागली, तरी ही आपली खुशाल. "असू दे बाई, ज्याचं त्याला," म्हणायची आणि पदराखालची किल्ली एकदा चाचपून बघायची. मग ती किल्ली धाकट्या जावेच्या कमरेला गेली, आणि थोरलीच्या पोटात जे दुखायला लागलं ते कुठल्या औषधाला दाद देईना.

त्यांची घरची लाँड्री होती. नदी समुद्राला मिळते तिथून जरा आत, अगदी काठावर. खाली कामाची जागा, वर राहायचं घर. मोठ्या दवाखान्याच्या चादरी, अभ्रे, डॉक्टरांचे कोट, सगळं इथेच धुवायला यायचं. नळाचं पाणी प्यायला आणि चहाला पुरे. धुण्याचं पाणी नदीचं. आणि इथली नदी म्हणजे अर्धा दिवस नदी, अर्धा दिवस समुद्र! ओहोटी लागली की वरून गोडं पाणी उतरायचं, भरती लागली की खारं पाणी उलटं आत शिरायचं. गोडं काठाशी असेल तेवढ्यात पंप लावून गच्चीवरची टाकी भरायची आणि खारं पोचायच्या आत पंप बंद करायचा. एवढंच काम. पण हे एवढंच चुकलं तर साबणाला फेस येत नाही, कपड्यांवर चिकट साय धरते, चादरी वाळल्या की पुठ्ठ्यासारख्या कडक होतात आणि त्यावर झोपणाऱ्या आजाऱ्याची पाठ खाजून खाजून सोलून निघते. बॉयलरच्या नळ्यांची वाट लागते ती निराळीच.

म्हणून घरात एक रीत होती. पाणी एकानेच घ्यायचं. दोघांनी घेतलं की दोघंही एकमेकांवर विसंबतात आणि टाकीत खारं येतं, असं सासरे म्हणायचे. त्यांनी स्वतः किल्ली खाली ठेवली तेव्हा ती दोघा मुलांपैकी एकालाही दिली नाही. "पोरांना कपडे कळतात. पाणी हिला कळतं," म्हणाले आणि सुनेच्या हातात दिली.

तेव्हापासून तिचा तो थाट बघण्यासारखा असायचा. काठाच्या पायऱ्या उतरायची, ओंजळ भरून घ्यायची, तळहातावर साबणाची चकती दोनदा फिरवायची आणि मूठ आवळायची. मूठ उघडली की फेस बघायचा. मग दुसऱ्या हाताचं बोट पाण्यात बुडवून जिभेला लावायचं. मग वर तोंड करून फक्त दोन शब्दांपैकी एक. "लावा", नाहीतर "थांबा". तिने थांबा म्हटलं की सगळी लाँड्री हातावर हात ठेवून बसायची. सासूबाईंसारखी सासूबाई, जिच्यापुढे दोन्ही मुलगे मांजर व्हायचे, तीसुद्धा जिन्यात उभी राहून थोरलीच्या तोंडाकडे बघायची. माणसाला आणखी काय हवं असतं?

धाकटी लग्न होऊन आली ती बडबडी, हसरी, कामाला वाघ. वाक्याला एक "ताई" लावल्याशिवाय तिला बोलताच येत नसे. "ताई, हे असं का? ताई, ते तसं का? ताई, मी येऊ पाण्यावर?" ते ताई-ताई ऐकून थोरलीचे कान किटायचे. "मी काय हिची शाळा काढलीय?" असं ती नवऱ्याजवळ पुटपुटायची. तरी तोवर तसं काही बिघडलं नव्हतं. नव्याचे नऊ दिवस, होईल गप्प आपोआप, असं ती धरून चालली होती.

बिघडवलं ते सर्दीने. एवढीशी सर्दी, पण नाक चोंदलं आणि जिभेला माती आणि मीठ एकच लागायला लागलं. ते कुणाला सांगेल तर ती थोरली कसली! तशीच पायऱ्यांवर गेली आणि "लावा" म्हणाली. मागे उभी असलेली धाकटी म्हणाली, "ताई, नदीवरची ती खाऱ्या पाण्याची फेसाची रेघ बघा ना, काठाकडे सरकलीय. भरती लागली वाटतं." बघितलं तर खरंच! पंप वेळेवर थांबवला, टाकी वाचली. सासूबाई जिन्यातून खाली आल्या, थोरलीच्या कपाळाला हात लावून बघितला आणि म्हणाल्या, "तू जरा विसावा घे आता. पाण्याला धाकटी जाईल." आणि किल्ली घेतली. इतक्या वर्षांची किल्ली, एका शिंकेपायी गेली.

थोरलीला इस्त्रीच्या खोलीत बसवलं. सावलीत काम, बसून काम. कुणालाही वाटावं, चैन आहे! पण त्या खोलीच्या खिडकीतून नेमक्या पायऱ्या दिसत. धाकटी उतरताना दिसे, मूठ आवळताना दिसे, आणि तिने "लावा" म्हटलं की थोरलीच्या हातातली इस्त्री डॉक्टरांच्या कॉलरवर अशी काही चाले, की त्या घड्यांनी माणसाचा गळा कापावा. बरं, चुकेल म्हणावं तर पोरगी चुकतही नव्हती. ती चुकावी म्हणून थोरली रोज वाट बघायची, हे खरं, आणि तिचं तिलाही ते कळत होतं.

सगळ्यात झोंबला तो चहा. धाकटी पाण्यावरून वर आली की सासूबाई आपल्या हाताने तिच्यापुढे कप ठेवायच्या. "घे, दमली असशील." दमली असशील! थोरलीने आयुष्य त्या पायऱ्यांवर घालवलं, उन्हात, थंडीत, पोटुशी असताना सुद्धा. तिला एकदा तरी कुणी म्हटलं होतं का, की बाई, तू दमली असशील? तिच्या अंगाचा तिळपापड झाला. त्या दिवशी तिने स्वतःचा चहा मोरीत ओतून दिला आणि कप विसळून पालथा घातला.

आता एक गोष्ट थोरलीला माहीत होती ती धाकटीला माहीत नव्हती. ती सासऱ्यांनी फक्त तिला दाखवली होती. उधाणाच्या भरतीला सगळे घाबरतात, पण उधाणाचं पाणी सगळं घुसळून टाकतं. खारं असेल तर वरपासून तळापर्यंत खारं, हाताला लगेच कळतं. घात करते ती भांगाची भरती, म्हणजे अष्टमीच्या आसपासची, अगदी गरीब दिसणारी. त्यातून ऐन उन्हाळ्यात वरच्या धरणाने थोडं पाणी सोडलेलं असलं, तर गोडं पाणी वरून वाहत राहतं आणि खारं त्याच्या पोटाखालून, तळाने, गुपचूप आत येतं. वर हात घालावा तर गोड. आणि पंपाचा पाइप असतो तळाला! असा दिवस वर्षातून एखादाच. त्यासाठी सासऱ्यांनी एक बाटली केली होती. तिला दगड बांधलेला, बुचाला वेगळी दोरी. बाटली तळाला सोडायची, मग दोरीला हिसका देऊन बूच काढायचं, तळाचं पाणी भरलं की वर ओढायची आणि चाखायचं. ती बाटली पंपाच्या कोनाड्यात, तेलाच्या डब्यामागे होती. किल्ली देताना थोरलीने बाटलीचं नाव काढलं नाही. विचारलं नाही, सांगितलं नाही, असं तिने स्वतःला समजावलं होतं.

त्या वर्षी तो दिवस आला. दवाखान्यातून कपड्यांचा ढीग आलेला, टाकी रिकामी, आणि धाकटी इस्त्रीच्या दारात उभी. "ताई, जरा येता का? फेस चांगला येतोय, जिभेलाही गोड आहे, पण ताई, मला बरं नाही वाटत. ओहोटीचं पाणी असं सुस्त कधी बघितलं नाही मी. एकदा तुम्ही हात घालून बघा ना."

थोरली उठली. पायऱ्यांवर गेली तेव्हा दोन्ही भाऊ हातातलं काम टाकून बघत होते आणि जिन्यात सासूबाई येऊन उभ्या होत्या. अगदी पूर्वीसारखं. तिने ओंजळ भरली, साबण फिरवला, मूठ आवळली, उघडली. पांढराशुभ्र फेस. बोट जिभेला लावलं. गोड. कोनाडा हाताच्या अंतरावर होता आणि तेलाच्या डब्यामागून बाटलीचा गळा तिला स्पष्ट दिसत होता.

"गोड आहे," ती म्हणाली. यात खोटं एक अक्षर नव्हतं. आणि मग वर तोंड करून, कितीतरी दिवसांनी, "लावा."

फेस कमी पडला तसा भावांनी साबण वाढवला; थोरलीने गोड म्हटलेल्या पाण्यावर शंका कोण घेणार! दुपारपर्यंत सगळं धुऊन, पिळून, वाळत पडलं होतं. सासूबाईंनी पहिली चादर दोरीवरून ओढली तर ती घडी घालून घेईना. त्यांनी चादरीचं टोक जिभेला लावलं आणि तिथेच थुंकल्या. पुढची ओढली, त्याच्या पुढची ओढली. सगळी खारट! मग जो आवाज लागला तो पार गच्चीपर्यंत गेला. "धाकटे! इकडे ये आधी. हे काय घेतलंस टाकीत? आजारी माणसाच्या अंगाखाली मीठ पसरणार होतीस? दे ती किल्ली इकडे!"

थोरली इस्त्रीच्या खोलीतून बाहेर आली होती. धाकटीने किल्ली सोडवून सासूबाईंच्या हातात दिली. थोरलीचा हात, खरं सांगायचं तर, पुढे व्हायच्या बेतात होता.

"चूक माझीच आहे, आई," धाकटी म्हणाली. "ताईंना काही बोलू नका. मीच त्यांना बोलावलं होतं. आजचं पाणीच असं होतं की ताईंनासुद्धा कळलं नाही."

सासूबाईंनी थोरलीकडे बघितलं. आवाज एकदम मऊ झाला. "तुलाही कळलं नाही होय गं? राहू दे. त्या सर्दीपासून जीभ गेलीच असणार तुझी. वयाचं असतं बाई, त्याला तू तरी काय करशील."

"मीटर मिळतं म्हणे हल्ली," थोरलीचा नवरा म्हणाला. "आणू एक. आता हिच्यावर कशाला भार?"

झाकली मूठ सव्वा लाखाची म्हणतात. थोरलीने तेवढा एक क्षण तोंड मिटलं असतं तर कुणाला कधीच काही कळलं नसतं. पण जीभ गेली? तिची? धाकटीच्या तोंडून "ताईंनासुद्धा कळलं नाही"? सगळं सहन होईल, ही कीव नाही!

"मला माहीत होतं!" ती ओरडली. "न कळायला काय झालं मला? वरचं गोड होतं आणि खालचं खारं! भांगाची भरती आहे आज, वरून धरणाचं पाणी सुटलंय. तळाचं बघायला लागतं! मामंजींनी मला दाखवलंय, मला एकटीला!" आणि धावत जाऊन तिने कोनाड्यातून बाटली आणली, दगड दाखवला, बुचाची दोरी दाखवली, हिसका कसा द्यायचा तेही करून दाखवलं. तोंडाला फेस येईस्तोवर बोलत होती. बूच सुटून फरशीवर पडलं आणि गडगडत गेलं, तेव्हा कुठे ती थांबली.

धाकटी वाकली, बूच उचललं आणि तिच्या हातात दिलं. "माहीत होतं?" एवढंच म्हणाली.

सासूबाईंनी किल्ली परत धाकटीच्या हातात ठेवली आणि वरून तिची मूठ मिटवली. "पाणी तुला कळतं थोरले, नाही कोण म्हणतंय?" त्या म्हणाल्या. "पण कळलेलं सांगशील, याचा भरवसा आता कुणी द्यायचा?" थोरलीच्या नवऱ्याने खाली बघितलं आणि चादरी गोळा करायला लागला.

पुढच्या ओहोटीला टाकी धुऊन पुन्हा भरली. थोरलीने सगळ्या चादरी खळबळून काढल्या, हातांची सालं निघेपर्यंत. कुणी तिला तू थांब म्हटलं नाही, कर असंही म्हटलं नाही.

दुसऱ्या सकाळी धाकटी इस्त्रीच्या दारात आली. "बाटली शिकवता का?" म्हणाली.

दोघी पायऱ्या उतरल्या. थोरलीने दोरी कशी धरायची ते दाखवलं, दगड तळाला टेकल्याचं हाताला कसं कळतं ते सांगितलं. धाकटीने बाटली सोडली, क्षणभर थांबली, हिसका दिला. पहिल्याच खेपेला बूच सुटलं. थोरलीला स्वतःला ते जमायला अख्खा उन्हाळा लागला होता. पोटात ती ओळखीची कळ उठली. सुंभ जळला तरी पीळ जळतो थोडाच! कळ गिळून ती वाट बघत राहिली. आता ही वळेल, हसेल आणि म्हणेल, ताई, जमलं का हो? ताई, असंच ना?

धाकटीने बाटलीतलं पाणी चाखलं. "गोड आहे, जाऊबाई," ती म्हणाली. मग वर तोंड करून तिने "लावा" म्हणून हाक दिली, आणि बाटली पुसून कोनाड्यात, तेलाच्या डब्याच्या पुढे, सगळ्यांना दिसेल अशी ठेवली.