येथे वेल डन मिळणार नाही

आमच्या ब्रिस्टलच्या गटात कोणी 'रविवारी ग्रिल लावतोय' असा मेसेज टाकला, की जेवणाआधी किस्सा तयार होतो. शेडमध्ये कोळशाच्या अर्ध्या पिशव्या साठतात ना, तसे हे किस्से साठलेत. टाकवतही नाहीत. त्यातले निम्म्याहून जास्त एकट्या मिलिंदचे. हा मूळचा कराडचा, विमानाच्या पंखांचं टेस्टिंग करणारा इंजिनिअर, माझा आणि माझ्या नवऱ्याचा, अजयचा, जुना मित्र. आणि स्टेक म्हणजे आमच्यात लँबचा हं. पायाचा आडवा काप, मध्ये गोल नळी. उगाच भुवया वर करू नका.

*

मटण मऊ व्हावं म्हणून मिलिंदची आई त्याला कच्ची पपई लावायची. आमच्या सुपरमार्केटमध्ये कच्ची पपई कुठली मिळायला? पठ्ठ्याने किवी किसून लावला. किवी अर्धा तास पुरतो. याने शुक्रवारी लावला तो रविवारी दुपारी बाहेर काढला.

ग्रिलवर ठेवल्यावर दोन मिनिटांत स्टेक जाळीतून खाली गेला. अजय वाकून निखाऱ्यात बघत म्हणाला, "मिल्या, पाव आण. खिमा झालाय."

*

पुढच्या वेळी मॅरिनेशन मिलिंदच्या बायकोने, रूपालीने, हातात घेतलं. दही, आलं आणि घरून आलेला कांदा-लसूण मसाला. धूर असा उठला की शेजारचा कीथ कुंपणापाशी येऊन उभा राहिला. साठीतला सभ्य माणूस. आम्हाला वाटलं, आता कौन्सिलला कळवतो म्हणणार. त्याने कुंपणावरून हात पुढे केला. हातात रिकामी प्लेट.

एक घास खाल्ला आणि त्याचे कान लाल झाले. चष्मा काढून डोळे पुसत म्हणाला, "लव्हली. बिट ऑफ अ किक." मग दोन ग्लास पाणी प्यायला आणि पुन्हा प्लेट पुढे केली.

तेव्हापासून रूपाली तीन भांड्यांत मॅरिनेट करते. साधं, तिखट आणि कीथचं.

*

मिलिंद हळूहळू शिकला, आणि शिकल्यावर जरा आगाऊच झाला. स्टेक आतून गुलाबी हवा म्हणजे हवाच. मी तर डेंटिस्ट, मला दोन्ही चालतं, लोकांचे दात हलले तर माझंच दुकान चालेल. पण अजयला सगळं कडक भाजलेलं लागतं. दर वेळी तो "माझा वेल डन कर रे" म्हणायचा आणि दर वेळी भांडण व्हायचं. शेवटी मिलिंदने लेकीची पाटी घेतली आणि खडूने लिहून शेडच्या दारात, छपराखाली टांगली: 'येथे वेल डन मिळणार नाही'.

*

या उन्हाळ्यात त्याचे वडील आले. चौदा वर्षांत पहिल्यांदा. कराडला शाळेत इंग्रजी शिकवायचे, त्यामुळे आम्हीही त्यांना सरच म्हणतो. मिलिंद त्यांच्याच वर्गात होता. बाकीच्या पोरांच्या वह्यांत सर लाल शाईने 'वेल डन' लिहायचे. मिलिंदच्या वहीत दहावीपर्यंत एकच शब्द, 'पाहिले', आणि खाली सही.

हे त्याने आम्हाला हसत हसत सांगितलं होतं. पण सर यायच्या आधी त्याने नवीन ग्रिल घेतलं, तेव्हा रूपाली मला म्हणाली, "याला स्टेकचं काही पडलेलं नाही गं. याला बाबांच्या तोंडून एकदा चांगलं ऐकायचंय. बास."

सर आले, बाग बघितली, कीथशी हात मिळवला आणि पाटीसमोर थांबले. अजयला कुठे गप्प बसावं ते कळत नाही. म्हणाला, "सर, ही पाटी तुमच्या वर्गाबाहेर हवी होती."

मी त्याला चिमटा काढला. मिलिंद निखारे हलवत राहिला. सरांनी पाटी पुन्हा एकदा वाचली आणि म्हणाले, "शेवटी पूर्णविराम नाही."

*

पहिल्या रविवारी मिलिंदने मटणात थर्मामीटर खुपसला. सर खुर्चीवरून बघत होते. "किती आहे ताप?"

"पंचावन्न, बाबा."

"मग वाचत नाही तो," सर म्हणाले.

स्टेक उतरवून, आत रस मुरावा म्हणून झाकून ठेवला. मिलिंदची आठ वर्षांची इरा आजोबांना दटावायला आली. "आजोबा, मटण झोपला आहे. दहा मिनिट हात नाही लावायची."

"झोपलं. मटण झोपलं. दहा मिनिटं. हात लावायचा," सरांनी दुरुस्त केलं. "आणि ते उठलं की मला उठव."

जेवण झाल्यावर मिलिंदने अगदी सहज विचारल्यासारखं विचारलं, "बाबा, कसं झालं होतं?"

"खाल्लं," सर म्हणाले आणि हात धुवायला गेले.

दुसऱ्या रविवारीही "खाल्लं." अजय मला म्हणाला, "आता फक्त खाली सही राहिली." मला हसूही आलं आणि मिलिंदचं वाईटही वाटलं.

*

शेवटच्या रविवारी सकाळपासून रिपरिप. दुसऱ्या दिवशी सरांचं विमान. मिलिंद ऐकेना. अजय ग्रिलवर छत्री धरून उभा, कीथ कुंपणापलीकडून सल्ले देतोय, आणि मिलिंद एकेक स्टेक परीक्षेला बसल्यासारखा उलटतोय. सरांनी सावकाश खाल्लं. नळी उभी धरून ताटात आपटली आणि आतला मगज चोखून काढला. आम्ही सगळे दुसरीकडे बघत असल्याचं दाखवत होतो.

"बाबा?"

"खाल्लं."

मिलिंदने मान डोलावली आणि प्लेटा उचलायला लागला. सर म्हणाले, पाय मोकळे करून येतो, आणि शेडच्या बाजूला गेले. आम्ही सामान आत नेण्याच्या गडबडीत होतो.

सोमवारी दुपारी मी क्लिनिकमध्ये असताना मिलिंदचा फोन आला. सरांना हीथ्रोला सोडून तो नुकताच घरी पोचला होता.

"पाटीला कोणी हात लावला? तू की अजय?"

"कोणीच नाही. का रे?"

त्याने फोटो पाठवला. 'णार नाही' एवढंच बोटाने पुसलेलं होतं आणि त्या जागी खडूने, वहीत असतं तसल्या वळणदार अक्षरात दुरुस्ती केली होती. 'येथे वेल डन मिळाले.' खाली सही.

मी फोटो मोठा करून सही बघितली. फोनवर तो नाक ओढत म्हणाला, "अगं, पूर्णविराम पण दिलाय."