इवायांचे लांबोडे

आमच्या इवायांचा या जगात कशावरही विश्वास नाही, आणि हे मी रागानं नाही, कौतुकानं सांगतो आहे. इवाई म्हणजे व्याही, आमच्या सुमनचे सासरे, राहणार दिग्रस. सूर्य उगवला तरी हा माणूस खिडकीतून वाकून पाहतो, की खरंच उगवला की कोणी दिवा धरून उभं आहे. सगळा जन्म जिनिंगमध्ये कापूस पारखण्यात गेला. शेतकऱ्याची गाडी आली की वरच्या पांढऱ्याशुभ्र कापसाकडे ते पाहतसुद्धा नसत. हात सरळ कोपरापर्यंत आत घालायचा, तळातला कापूस ओढून काढायचा, त्यातली सरकी दाताखाली धरायची, आणि ती कट्‌कन वाजली नाही की म्हणायचं, "पाणी मारलं." समोरच्यानं आईची शपथ घेतली तरी म्हणत, "आई वायली, सरकी वायली." माझ्याही गाडीत त्यांनी हात घातलेला आहे. माझा कापूस कोरडा होता. हे मी तेव्हाही सांगितलं आणि आजही सांगतो.

जिनिंग सुटली, पण हाताची सवय सुटली नाही. यवतमाळला जायचं असलं की दिग्रसच्या स्टँडवर ते आधी गाडीची पाटी वाचतात, मग कंडक्टरला विचारतात, मग पलीकडून वळसा घालून ड्रायव्हरला विचारतात. एकदा मी सोबत होतो. म्हटलं, "इवाई, पाटीवर लिवलं हाय, दोघायनं सांगतलं, आता त बसा." तर माझ्या कानाशी येऊन म्हणाले, "तिघंबी मिळून असले त?" मग आत बसलेल्या एका बाईला विचारलं. ती म्हणाली, मले काई माहीत नाई बावा, सगळे बसले म्हणून मीबी बसली. एवढं खरं बोलणारी बाई ज्या गाडीत आहे ती गाडी बरोबरच असणार, असं म्हणून इवाई चढले. सुमनला पाहायला आले तेव्हाही तसंच. सगळी मंडळी ओसरीवर पोहे खाऊन राहिली आणि हे गायब. पाहतो तर परसातल्या दारानं थेट स्वयंपाकघरात, आणि भांड्यांवरची झाकणं उचलून पाहून राहिलेले. वरचा थर सगळेच चांगला लावतात, हे त्यांचं म्हणणं. आमची मंडळी त्यावरून पुष्कळ दिवस धुसफुसत होती. पण मीही कच्चा नव्हतो. लगेच दिग्रसला गेलो आणि जिनिंगसमोरच्या चहावाल्याकडे बसून त्यांची चौकशी केली. तो म्हणाला, "माणूस इमानदार हाय, पण चहा पेयाच्या आंधी गाळणी पाहाले मांगते." मी सोयरीक पक्की केली.

इवायांना दोन मुलं. थोरला आमचा जावई, त्याचं पाण्याच्या मोटारी दुरुस्तीचं दुकान. धाकटा शिकत शिकत पुण्याला गेला आणि तिथून अमेरिकेला. इहीनबाई, म्हणजे इवायांच्या घरच्या, होत्या तोवर फोनवर बोलायचं काम त्यांचं होतं. काय जेवला, खोकला राहिला का, लग्नाचं काय, सगळं त्या विचारायच्या, आणि शेवटी फोन इवायांच्या हातात द्यायच्या. हे म्हणायचे, "बरा हायेस ना? ठेवतो." इहीनबाई गेल्या आणि हे शेवटचं वाक्य तेवढं मागे राहिलं. पोरगा विचारी, कसे आहात. हे म्हणत, बरा हाव. तू? तो म्हणे, बरा. त्यानंतर दोघंही इवायांच्या पंख्याचा आवाज ऐकत बसायचे. पोराशी बोलायला काही उरलं नाही, आणि ते कसं उरवायचं हे या माणसाला कोणी शिकवलं नव्हतं.

अशात एका उन्हाळ्यात पोरानं एका टीमची गोष्ट काढली. तो राहतो त्या गावाची बास्केटबॉलची टीम, पगारी, एकेक गडी ताडासारखा. इवायांनी त्यांना पहिल्या दिवसापासून 'लांबोडे' हे नाव दिलं. तिकडे म्हणे वर्षभर खेळून झाल्यावर चांगल्या चांगल्या टीमा निवडतात आणि त्यांच्या जोड्या लावतात. एक जोडी आपसात सात मॅचपर्यंत खेळते, ज्यानं चार जिंकल्या तो पुढे, दुसरा घरी. असं करत करत आमच्याकडे पेरणीचे दिवस येईपर्यंत एकच उरतो. त्या वर्षांमध्ये हे लांबोडे घरी जातच नव्हते. दरसाल शेवटच्या फेरीत, आणि बहुतेक साली कप त्यांचाच. पोरानं मोठ्या अभिमानानं हे सांगितलं. इवायांनी विचारलं, "दरसाली?"

"दरसाली, बाबा."

"मंग पाणी मारलं हाय."

पोरगा चिडला. म्हणाला, न पाहता कसं बोलता? त्यानं तिकडून पैसे भरून इकडच्या टीव्हीवर मॅच लागेल अशी व्यवस्था केली. तिकडची संध्याकाळ म्हणजे आमचा सकाळचा चहा. समोर टीव्ही, बाजूला स्टीलच्या गिलासाला टेकवलेला फोन, फोनमध्ये पोरगा, आणि बापलेकाचं भांडण सुरू. मॅच चाले तोवर बोलणं चाले, आणि लांबोडे टिकत तोवर मॅच चालत. ते हरून घरी गेले की फोन पुन्हा 'बरा हाव' वर. घरात हे सगळ्यांना कळत होतं. सुमननं मला स्पष्टच सांगितलं, "बाबा, ते हरले का घर सुनं होते. मामाजी मंग कोणाशी भांडतसुदा नाईत."

पण इवायांना विचाराल तर ते पोराशी बोलायला नव्हे, चोरी पकडायला बसत होते. सात मॅच कायले? एकीत काम भागत नाही काय? तिकिटं विकायची असतात. लांबून टाकला तर तीन मार्क आणि जवळून टाकला तर दोन, हा कायदा कोणी केला? ज्याला जवळ जाता येत नव्हतं त्यानं. मधूनच दोन माणसं येऊन फरशी पुसून जातात, त्यांच्यावर तर यांचा डोळाच होता. "घाम पुसते म्हणे. पुसते का काई टाकते, कोण पाह्यलं?" आणि ते घडीघडी खेळ थांबवून गोल करून उभे राहतात ना, ते पाहिलं की इवाई फोनकडे बोट करून म्हणायचे, "पाय, पाय! आता कोणं जिंकाचं ते ठरवून राह्यले." पोरगा तिकडून कपाळाला हात लावी. आणि एवढं असून लांबोड्यांनी कोणत्या साली कोणाला कसं हरवलं ते यांना तोंडपाठ. तेही पिकांवरून. बोंडअळीच्या साली लाल बंडीवाल्यांना लोळवलं, तुरीचा भाव पडला त्या साली दोन मॅच मागे पडून उठले. चोराचा एवढा हिशेब कोणी ठेवतो का, हा संशय मला तेव्हाच आला होता.

मग एक दिवस इवायांना चोरी सापडली. मी त्या सकाळी दिग्रसलाच होतो. आमच्या टीव्हीवर लांबोड्यांचा एक गडी आरामात चेंडू आपटत उभा, आणि फोनमधून पोरगा ओरडला, "गेला! गेला! तीन!" इवायांनी माझ्याकडे पाहिलं. तेवढ्यात टीव्हीतल्या त्या गड्यानं चेंडू उचलला, फेकला, आणि तो गेला. तीन. थोड्या वेळानं पुन्हा तेच. तिकडे पोरगा "अरेरे!" म्हणाला आणि इकडे मग चेंडू हुकला. इवायांनी टीव्हीचा आवाज बंद केला, फोन तोंडाजवळ धरला आणि एकदम गोड आवाजात विचारलं, "काहून रे, आता कोण टाकीन?"

"टाकला ना बाबा. गेलाबी."

"मंग तूबी त्यायच्यात मिळून हायेस!"

पोरानं समजावून सांगितलं, की बाबा, टीव्हीचं चित्र तुमच्याकडं जरा उशिरा पोचते. इवाई म्हणाले, "तुहा आवाज त लगेच पोचून राह्यला. दोन्ही तिकडूनच येते ना? मंग आवाज धावते आन् चित्र कायले रस्त्यात बसून राह्यते?" हा सवाल मला आजही बिनतोड वाटतो. जावयानं, पोरानं, फोनच्या दुकानवाल्यानं, सगळ्यांनी उत्तर दिलं, पण समाधान कोणाच्यानं झालं नाही. पोरगा आधी हसला. पण इवायांचा हात एकदा आत गेला की तळापर्यंत जातो. "सारं आंधीच ठरवलेलं हाय आन् तुले माहीत हाय. सख्ख्या बापाले फसवून राह्यला तू." तेव्हा पोरगा म्हणाला, "मंग नका पाहू, बाबा," आणि फोन बंद झाला.

पुढच्या मॅचच्या सकाळी मी मुद्दाम थांबलो. टीव्ही सुरू होता, आवाज नव्हता. फोन गिलासाला टेकवलेला. इवाई टीव्हीकडे पाहतच नव्हते, काळ्या फोनकडे पाहून राहिले होते. सुमननं चहा आणून ठेवला, त्यावर साय धरली. गाळणीसुद्धा मागितली नाही. अर्धी मॅच झाली. मी म्हटलं, "इवाई, तुमीच लावा ना." म्हणाले, "मी कायले लावू? चोरी त्यायनं केली." माझा स्वभावही असाच आहे. आणि मग फोन वाजला. पोरानं विचारलं, "बाबा, पाहून राह्यले काय?"

"पाहून राह्यलो," इवाई म्हणाले. "लबाड हायेत."

स्वयंपाकघरात सुमननं एवढा मोठा श्वास सोडला की मला ओसरीवर ऐकू आला.

त्यानंतर मी इवायांवर नजर ठेवली. एकदा लांबोडे अशा ठिकाणी येऊन अडकले होते, की आणखी एक मॅच हरले की बाद. त्या पहाटे इवाई मारुतीच्या देवळातून बाहेर पडताना मला सापडले, हातात फुटलेला नारळ. "आज काय?" म्हटलं. म्हणाले, "मंगळवार नाई का." तो शुक्रवार होता. मी म्हटलं, "इवाई, चोराच्या नावानं नारळ?" ते थांबले आणि म्हणाले, "पंचाची बुद्धी जागेवर राहो म्हणून फोडला. कोणाच्याबी बाजूनं नाई." त्या दिवशी लांबोडे जिंकले, आणि इवाई पोराला म्हणाले, "पाह्यलं, कसे जिंकवले आपल्यायले!" पोराच्या ध्यानात आलं नाही. माझ्या आलं. लांबोड्यांचे 'आपले' कधी झाले, ते मी विचारलं नाही.

कोरोनाच्या साली खेळ मध्येच बंद पडला आणि मग रिकाम्या मैदानात, प्रेक्षकांचे चेहरे पडद्यावर लावून पुन्हा सुरू झाला. इवायांना तर सणच. मला फोन करून म्हणाले, "माणसंबी चिपकवलेली हायेत, इवाई!" पण आमच्याकडे सगळी दारं बंद असताना त्या साली ते बोलणं पार नवरात्राच्या तोंडापर्यंत चाललं. इहीनबाईंच्या वेळीसुद्धा पोराच्या तोंडून एवढं बोलणं निघालं नव्हतं. भांडता भांडता तो सांगून जाई, की मॅनेजर बदलला, पाठ दुखते, भात करपला. इवाई फक्त म्हणत, "पाणी जास्त टाकत जाय." भातात.

मग गडी थकले. ज्याच्या हातून लांबूनही चुकत नव्हतं त्याच्या गुडघ्याला पट्टा आला. एकजण दुसऱ्या गावच्या टीमनं नेला. कप गेला, मग शेवटची फेरी गेली, दरसाल लांबोडे लवकर लवकर घरी जायला लागले. यंदा तर पहिल्याच जोडीत आटोपले. आमच्याकडे आंब्याला पाडसुद्धा लागला नव्हता. त्या सकाळी मी तिथंच होतो. वाटलं, आता इवाई मांडीवर थाप मारतील, म्हणतील, मी सांगत नव्हतो काय, इतकी वर्षं पाणीच मारलं होतं. तर इवाई लालबुंद. "पंच विकत घेतला! त्या पोराले धक्का मारला, त्यानं पाह्यला नाई? आपले गडी खराब नाईत, पंच खराब हाय!" या माणसानं जन्मात पहिल्यांदा कोणाचा माल कोरडा म्हणून पास केला होता.

तिकडून पोरगा थकल्या आवाजात म्हणाला, "जाऊ द्या ना बाबा. आता ते पहिल्यासारखे नाई राह्यले. मीबी एवढा पाहत नाई आजकाल, काम असते." मग म्हणाला, "बरे आहात ना?"

"बरा हाव," इवाई म्हणाले. "तू?"

फोन ठेवला आणि त्यांनी टीव्ही बंद केला. मी पान लावलं. आमचा दोघांचा स्वभाव असा, की दुसऱ्याचं दुःख दिसलं तरी दिसलं असं म्हणायचं नाही. शेवटी पान घेता घेता त्यांनीच सहज विचारल्यासारखं विचारलं, "इवाई, तिकडं उन्हाळ्यात काय खेळतेत लोकं?"

मला काय माहीत असणार? पण मला माहीत नाही असं मी अजून कोणाला म्हटलेलं नाही. म्हटलं, पाहून सांगतो. बाजारात जाऊन फोनच्या दुकानवाल्याला विचारलं. त्यानं दाखवलं, की एक खेळ आहे, धुणं बडवायच्या मोगरीसारखा लांब दांडा घेऊन चेंडू मारतात, आणि तो चालूच असतो. परत येऊन इवायांना हे सांगितलं. मी वाट पाहून राहिलो, की आता विचारतील, दांड्यात काय भरलेलं असते, पंच कोणाचा नातेवाईक हाय. ते काही नाही. विचारलं, "कधीपरेंत चालते?"

"पार दिवाळीच्या तोंडापरेंत."

इवाई माझ्याकडे जरा सरकले. "पोराच्या गावची टीम हाय काय त्याच्यात?"

"हाय," मी म्हटलं. हे मी दुकानवाल्याला विचारलंच नव्हतं.

त्यांनी माझ्या तोंडाकडे पाहिलं, आणि मग आत वळून हाक मारली, "सुमन, फोन चार्जिंगले लाव वं बाई."