घागरींपुढचं भाषण

बाळांनो,

आपल्या गावावरचा तो इंग्रजी ग्रंथ तुमच्या विद्यापीठात अभ्यासाला आहे, असं तुम्ही परवा फोनवर अभिमानाने सांगितलंत. म्हणून हे आजच लिहिते. लेखकाचं नाव इथे घालणार नाही. त्याने आमच्यापैकी एकीचंही घातलं नाही.

आपल्याकडे पाण्याच्या रांगेत घागर ठेवली की बाई रानात जायला मोकळी. घागर म्हणजे ती स्वतः. कोणी हलवत नाही. वस्तीचा नळ वर्षभर बंद होता, तेव्हा तिथल्या एका खुरपणीला जाणाऱ्या बाईने रिकाम्या घागरींची रांग थेट ग्रामपंचायतीच्या दारात नेली. अकरा दिवस सरपंच मागच्या खिडकीतून ये-जा करत होता. बाराव्या दिवशी पाणी आलं.

ग्रंथ लिहिणारा हा प्राध्यापक तेव्हा आपल्याच घरी उतरला होता. तिचा शब्द न् शब्द मी त्याला इंग्रजीत करून दिला. ग्रंथात काय आलं? आंदोलनाच्या जागी महिला अनुपस्थित होत्या, आणि हक्कांची जाणीव त्यांना ह्याच्या सभांमुळे झाली!

मी ते तिला वाचून दाखवलं. ती एवढंच म्हणाली, "बाई, तुमी त्याला नीट सांगितलं न्हाई का?"

ते मला झोंबलं. पुढे परभणीला ग्रंथावर त्याचं भाषण ठरलं, तेव्हा मी सूड नीट आखला. टेम्पो सांगितला. भाषणाआधी तासभर पोचून तिने आणि वस्तीतल्या बायकांनी पुढच्या सगळ्या खुर्च्यांवर घागरी ठेवल्या आणि बाहेर लिंबाखाली भाकरीची गाठोडी सोडली.

आयोजक धावत आला. "मावशी, उचला हे!"

"तुमीच उचला की," ती म्हणाली. "पर मंग बाईला हात लावला म्हून वरडंन मी."

प्राध्यापकाने मला विचारलं, "अहो, पण बायका कुठे आहेत?"

"अनुपस्थित," मी म्हणाले. "तुम्हीच लिहिलंय."

तो घागरींपुढे वीस मिनिटं बोलला. तीनदा पाणी प्यायला. मागे उभी पोरं फिदीफिदी हसत होती, आणि मी त्यांना गप्प केलं नाही. मला तेव्हा दया आली नाही, आजही येत नाही.

परतताना टेम्पोत ती म्हणाली, "आता बराबर सांगितलं तुमी."

ग्रंथ त्याने दुरुस्त केला नाही. ती मागच्या उन्हाळ्यात गेली. वस्तीचा नळ चालू आहे. तिची पोचा आलेली पितळी घागर आता सून रांगेत ठेवते, आणि ती कोणी हलवत नाही.