गेमचा डबा कोणी फोडला

बाबांच्या तेरवीची पंगत उठली, ओसरीत सुपारीचं तबक फिरू लागलं, आणि माझ्या चुलतभावाने ती गोष्ट पुन्हा एकदा सांगितली. दादा माझ्यापेक्षा थोडा मोठा. इंदूरला कम्प्युटरच्या एका कंपनीत साहेब आहे. चारचौघांत एखादी गोष्ट कशी रंगवायची हे त्याला बरोबर जमतं.

"काकांचा जीव होता हिच्यावर," तो म्हणाला, "पण हिने तो गेमचा डबा फोडला ना, तेव्हापासून घरातला मिक्सरसुद्धा हिला लावू देत नव्हते. म्हणायचे, पोरीच्या हाताला यंत्र लाभत नाही."

लोक हसले. तेरा दिवस रडून झाल्यावर माणसांना हसायला काहीतरी हवं असतं. बाबांच्या फोटोवरचा हार अजून ताजा होता. मी तबक खाली ठेवलं आणि आत गेले.

तो डबा मी फोडला नव्हता. तो दादाने फोडला होता.

मी आठवी पास झाले तेव्हा सुरतच्या मामाने तो आणला होता. टीव्हीला जोडायचा राखाडी रंगाचा डबा, त्यात सीडी घालायची, दोन रिमोट. तेव्हा आमचं आणि काकांचं घर एकच होतं, मधल्या खोलीत टीव्हीही एकच. सीड्या दोन होत्या. एक मोटारींच्या शर्यतीची, ती कधी चालायची, कधी नाही. दुसरी मारामारीची. दोन माणसं समोरासमोर उभी राहायची, वर दोघांच्या जिवाच्या पिवळ्या पट्ट्या, ज्याची पट्टी आधी संपेल तो हरला. दादा नेहमी एक धिप्पाड टकला पहिलवान घ्यायचा. मी एक काटकुळी बाई घ्यायचे, कमरेला लाल पट्टा बांधलेली. तिच्या अंगात जोर नव्हता, पण पाय चपळ होते. मला तिची एक चाल सापडली होती. समोरचा मारायला पुढे झाला की एक पाऊल मागे घ्यायचं, खाली वाकायचं आणि उठता उठता लाथ. वेळ बरोबर साधली तर पहिलवान आडवा. क्षणभर जरी उशीर झाला तर आपण आडवे.

मला वेळ साधायची. दादाला कधीच साधली नाही.

उन्हाळ्याच्या सुटीत एका दुपारी त्याने गल्लीतली पोरं गोळा केली. सगळ्यांना त्याने हरवलं. मग एकाने मुद्दाम काडी लावली, "अब छोटी के साथ खेल के दिखा." घरात आणि गल्लीतही मला छोटीच म्हणायचे. मी खेळले. दादा एकदा हरला, दोनदा हरला, मग मी मोजायचं सोडून दिलं. पोरं टाळ्या पिटत होती. "अबे, लड़की से हार गया!" असं ओरडत ती बाहेर पळाली, आणि बाहेरसुद्धा कितीतरी वेळ तेच ओरडत राहिली.

मी गच्चीवर वाळत घातलेल्या कुरडया आणायला गेले. जिन्यावर असताना खालून धाडकन आवाज आला. धावत आले तर डबा भिंतीपाशी फुटून पडला होता. झाकण वेगळं, आतली हिरवी पाटी वेगळी. दादा मधोमध उभा होता, लालबुंद.

संध्याकाळी बाबा दुकानातून आले तोवर त्याची गोष्ट तयार होती. "छोटीने रागात वायर ओढली, काका. डबा खाली पडला."

मी खरं काय ते सांगितलं. बाबांनी काकूला विचारलं, "वहिनी, तुम्ही घरात होता ना?"

काकू दापोऱ्याची. केळीच्या बागा असलेल्या घरातली मोठी लेक, बोलायला रोखठोक. पण त्या दिवशी ती ताटाकडे बघत म्हणाली, "मी गॅसपाशी होती, भाऊजी. मले काय दिसलं?"

बाबांनी मला मारलं नाही. रागावलेही नाहीत. इतकंच म्हणाले, "खोटं बोलली नसतीस तर मी दुसरा आणून दिला असता."

पुढे सायकल शिकायची वेळ आली, बाबा म्हणाले नको. स्कूटीची आली, नको. बारावीनंतर मला कम्प्युटरचा कोर्स करायचा होता. बाबा म्हणाले, "तुझ्या हाताला यंत्र लाभत नाही, तू बी.ए. कर." त्याच वर्षी दादा कम्प्युटर शिकायला इंदूरला गेला. त्याला पाठवायला काका तयार नव्हते, बाबांनीच त्यांची समजूत घातली. मी बी.ए. केलं, बी.एड. केलं, आणि आता बुऱ्हाणपुरातच शाळेत इतिहास शिकवते. नोकरीला नाव ठेवायला जागा नाही. पण शाळेची लॅब उघडी दिसली की मी आजही दारात थोडी थांबते.

आणि दर लग्नात, दर बारशात दादा ती गोष्ट सांगायचा. सांगता सांगता त्यात मीठमसाला वाढत गेला. एका लग्नात तर मी डबा गच्चीवरून फेकला होता.

तेरवीनंतर आठवडाभर मला धड जेवण गेलं नाही. बाबा ते खरं मानून गेले, हे राहून राहून डोक्यात यायचं. मग एका रविवारी मी माळ्यावरची पेटी काढली. मारामारीची ती सीडी तिच्यात होती, फुटलेल्या डब्यातून मीच काढून ठेवलेली. मागच्या बाजूला ओरखडे होते, पण तडा नव्हता.

नवरा बँकेत आहे, लग्नानंतर आम्ही माझ्या माहेरच्याच घरात राहतो. तो म्हणाला, "आता ही कशात लावणार? तसले डबे बनायचे कधीच बंद झाले."

"कम्प्युटरवर," मी म्हटलं. हे मला शाळेतल्या मुलांकडून कळलं होतं. एम्युलेटर म्हणून एक प्रकार असतो. तो कम्प्युटरमध्ये टाकला की कम्प्युटर आपणच तो जुना डबा असल्यासारखा वागायला लागतो.

ऐकायला सोपं होतं. आमच्या कम्प्युटरने आधी सीडी वाचायलाच नकार दिला. ती मी मऊ फडक्याने पुसली, पुन्हा घातली, पुन्हा पुसली, आणि एकदाची तिची नक्कल कम्प्युटरमध्ये उतरली. मग पडदा काळाच राहिला. मग चित्र आलं तर आवाज फाटका. मग सगळं आलं, पण पहिलवान पाण्यात चालल्यासारखा हळू. एकेक सेटिंग बदलायचं, बंद करायचं, पुन्हा सुरू करायचं. कोणालाही हात लावू दिला नाही. ज्या संध्याकाळी ती लाल पट्ट्याची बाई पडद्यावर सरळ, पूर्वीच्याच चपळाईने उभी राहिली, तेव्हा मी बाबांच्या फोटोकडे वळून म्हटलं, "बघा. लाभलं."

नवऱ्याने दोन रिमोट आणून दिले. शाळेतून आले की मी खेळायचे. एम्युलेटरमध्ये एक सोय असते, खेळ हव्या त्या क्षणी थांबवून ठेवता येतो आणि पुन्हा पुन्हा तिथूनच सुरू करता येतो. पहिलवानाचा हात उचलला जातो, बरोबर तो क्षण मी थांबवून ठेवला होता. तिथून पाऊल मागे, वाकणं, लाथ. चुकलं की पुन्हा तिथूनच. बोटं तेव्हाची राहिली नव्हती, आधी सारखा उशीर व्हायचा. पहिलवानाच्या तोंडाकडे बघून मला दादाच दिसायचा, त्यामुळे कंटाळा कधी आला नाही.

नवरा एकदा म्हणाला, "त्याला हरवून काय मिळणार तुला?"

"हरवायचं नाही," मी म्हटलं. "हरल्यावर तो काय करतो ते सगळ्यांना दाखवायचंय."

नवऱ्यालाही दादाचा स्वभाव माहीत होता.

आखाजीला, म्हणजे अक्षय तृतीयेला, सगळे जमणारच होते. बाबा गेल्यानंतरची पहिली आखाजी, त्यांच्या नावाची घागर भरायची होती. काका आधीच गेलेले, घागर पुजायला घरातला पुरुष आता दादाच, म्हणून तो आदल्या दिवशीच बायको आणि मुलीला घेऊन आला. सकाळी आईने नव्या घागरीत पाणी भरलं, वर खरबूज ठेवलं, दादाने हात जोडले. आखाजीला आमच्याकडे कुठे झोके, कुठे पत्ते, खेळल्याशिवाय दिवस जात नाही. रसाचे आंबे पाण्यात टाकलेले होते, जेवायला वेळ होता. मी कम्प्युटरची वायर मधल्या खोलीतल्या मोठ्या टीव्हीला जोडली.

टीव्हीवर ते जुनं संगीत वाजलं आणि दादा चमकून वळला. "अरे! हे कुठून आणलं?"

"तुझ्याच कम्प्युटरच्या धंद्यातली जादू. एक डाव होऊन जाऊ दे."

"आज? काकांची घागर भरलीय."

"बाबांना आवडायचं आपण खेळलेलं. का, भीती वाटून राहिली का?"

त्याची मुलगी सातवीत आहे. ती टाळी वाजवून म्हणाली, "पप्पा, खेलो ना! आत्याला हरवा."

तो हसत पलंगावर बसला आणि पहिलवान निवडला. काकू कोपऱ्यातल्या खुर्चीत होती, आई दाराशी घागरीजवळ पाटावर, नवरा भिंतीला टेकून. पहिला डाव मी संपवला तेव्हा तो हसला. "सवय गेली यार." दुसऱ्यात हसला नाही. तिसऱ्या डावात मी त्याला माझी पट्टी अर्ध्यावर आणू दिली, मुद्दाम. त्याला वाटलं आता जमतंय, तो पुढे सरकून बसला. मग पाऊल मागे, वाकणं, लाथ. पहिलवान उठला की पुन्हा लाथ. उठला की पुन्हा.

"पप्पा, सारखं तेच करतात ना त्या, तुम्ही मागे सरका ना," मुलगी म्हणाली.

"तू चूप बस!"

त्याचे कान लाल झाले होते. ते मला बघायचे होतेच. पुढच्या डावात मी त्याला एकही ठोसा लागू दिला नाही. माझी पट्टी शेवटपर्यंत पिवळीधमक राहिली. मुलगी खुदकन हसली आणि म्हणाली, "आत्याने तो आपको धो डाला!"

दादा उठला आणि त्याने रिमोट भिंतीवर फेकून मारला. बटणं फरशीवर उडाली. मुलगी दचकून आईला बिलगली. खोलीत फक्त गेमचं संगीत चालू होतं.

मी म्हटलं, "असाच फेकला होतास ना?"

"काय?"

"डबा."

"पागल झाली का तू? किती वर्षं झाली त्याला..."

तेवढ्यात कोपऱ्यातून काकूचा आवाज आला. "असाच फेकला होता." ती माझ्याकडे नाही, फुटलेल्या रिमोटकडे बघत होती. "मी दारात उभी होती. पाहिलं मी. याचे बाप पट्ट्याने मारत होते याले, मेला असता हा. तुझे बाबा तुले मारणार नाहीत हे मले ठाऊक होतं, बाई. म्हणून बोलली नाही."

हे मला माहीत नव्हतं. मला वाटत होतं तिला खरंच दिसलं नसेल. मी तिला इतकंच म्हणू शकले, "मारलं नाही, काकू. मारलं असतं तर एका दिवसात संपलं असतं."

नवरा हळूच म्हणाला, "झालं आता. बास कर."

मी बास केलं नाही. दादाला म्हटलं, "बोल. तुझ्या तोंडून ऐकायचंय."

"हो, मीच फोडला," तो जमिनीकडे बघून पुटपुटला. "झालं समाधान?"

"आईला कमी ऐकू येतं. मोठ्याने बोल."

त्याने माझ्याकडे असं पाहिलं की एरवी मी घाबरले असते. मग घागरीपाशी बसलेल्या आईकडे वळून तो ओरडलाच, "मी फोडला होता! मी! छोटीने नाही!" त्याचा आवाज चिरकला. त्याची मुलगी त्याच्याकडे टक लावून बघत होती, आणि मला ते गोड लागलं. खोटं कशाला सांगू.

आईने डोळ्याला पदर लावला नाही की काही नाही. उठली, घागरीवरचं खरबूज सारखं केलं, आणि बाबांना म्हणावं तसं घागरीलाच म्हणाली, "ऐकलं का?"

दादा रस न घेताच निघाला. त्याची बायको जाताना माझा हात दाबून गेली, त्याचा अर्थ मला अजून लागलेला नाही. राखीला मी राखी पाठवली नाही, त्यानेही फोन केला नाही. काकू वाटणीत आलेल्या, घराच्या शेजारच्याच भागात राहते. अधूनमधून वाटीभर भाजी आणून ओट्यावर ठेवते. भाजी मी खाते, वाटी धुऊन परत देते, बोलत नाही. नातेवाइकांत दोन तट पडले. एक म्हणतो, इतक्या वर्षांचं उकरून काढायची काय गरज होती. दुसरा काही म्हणत नाही, पण लग्नात मला आधी पान देतो.

परवा त्या मुलीचा फोन आला. इकडचं तिकडचं बोलून ती म्हणाली, "आत्या, पप्पांनी पण तो गेम आपल्या कम्प्युटरवर टाकलाय. सुटीच्या दिवशी दार लावून खेळत राहतात."

मला हसू आलं. "तुझ्याशी खेळतात का?"

"हो ना. कधीकधी मी जिंकते."

"मग काय करतात?"

"काही नाही. रिमोट टेबलावर ठेवतात आणि म्हणतात, चल, अजून एक."

मी बरं म्हटलं आणि फोन ठेवला. त्याच्यासाठी मला आनंद व्हायला हवा होता. झाला नाही. हेच त्याला तेव्हा जमलं असतं तर, एवढंच मनात आलं, आणि दिवसभर माझं डोकं तापलेलं राहिलं.