रोहण्याच्या पुढे गाडी थांबली होती

शोभाताई माझी मावसबहीण. पन्नाशी ओलांडलेली, बँकेत नोकरी, अमरावतीत माझ्या घरापासून दोन गल्ल्या सोडून राहते. जुन्या रेल्वेमार्गांमागे फिरायचं वेड माझं, तिला त्यात कधीच रस नव्हता. म्हणून दिवाळीनंतर एका संध्याकाळी ती स्वतःहून म्हणाली की पुलगाव–आर्वी लाइन बघायला जाऊ, तेव्हा मी तिच्याकडे बघतच राहिले. कारण तिने चहा संपल्यावर सांगितलं. मावशीने, म्हणजे तिच्या आईने, शेवटच्या आजारपणात तिला जवळ बसवून सांगितलं होतं, की तू पुलगावच्या दवाखान्यात जन्मली नाहीस. तू आर्वीहून येणाऱ्या गाडीत झालीस, रोहणा गावाच्या पुढे. एका आदिवासी बाईने तुझी नाळ कापली आणि मी तिचं नावसुद्धा विचारलं नाही.

ताईला ती बाई शोधायची होती. असलीच तर.

शनिवारी पहाटे ताईच्या गाडीने निघालो. नागपूर हायवेने तिवसा सोडलं की पुढे तळेगाव (श्यामजी पंत) लागतं. तिथे आलुबोंडा आणि वर लालभडक तर्री, दोघींचा नाश्ता अगदी स्वस्तात झाला. इथून उजवीकडे आर्वीचा रस्ता. रस्ता चांगला आहे, पण कापसाने फुगलेल्या ट्रॅक्टर-ट्रॉल्यांना वाट देत जावं लागतं. या भागातल्या पांढऱ्या सोन्यासाठीच इंग्रजांच्या काळात ही छोट्या रुळांची लाइन टाकली गेली. आर्वीकडचा कापूस पुलगावला, तिथून मोठ्या लाइनने मुंबईला आणि पुढे बोटीने. तळेगाव-आष्टीकडे मात्र रूळ कधी पोचलेच नाहीत.

आर्वीत स्टेशन विचारलं तर लोक आधी हसतात, मग हौसेने सोबत येतात. गाडी बंद होऊन बरीच वर्षं झाली. झुडपांत शिरलेल्या भिंती, फलाटाची दगडी कड, तिच्यावर सुकत घातलेल्या गोधड्या. मी फोटो काढत होते, ताई फलाटाच्या कडेने टोकापर्यंत चालत गेली.

खरी लाइन दिसते ती गावाबाहेर. बंधाऱ्यासारखा उंच भराव सरळ निघतो आणि दोन्ही बाजूंच्या काळ्या रानातून जिथे आकाश टेकतं तिथपर्यंत जातो. काही ठिकाणी रूळ अजून मातीत रुतून आहेत, काही ठिकाणी त्यांच्यावरून बैलगाडीची चाकोरी पडली आहे. मी त्या भरावावर चढले. इतकं रान, इतकं आभाळ, आणि मधोमध माणसांनी टोपल्या-टोपल्यांनी माती टाकून उभी केलेली ही एक रेघ. हे इथल्याच माणसांनी हाताने केलं, हे डोळ्यांनी बघूनही खरं वाटत नव्हतं.

रोहण्यात चहाच्या टपरीवर चौकशी केली. गाडीत बाळंतपण झाल्याची गोष्ट टपरीवाल्याने आजोबांकडून ऐकली होती. त्याने लाइनीच्या कडेच्या गोंड वस्तीतल्या जानकाबाईंकडे जायला सांगितलं, त्यांचे वडील रूळ सांभाळणाऱ्या गँगमध्ये होते म्हणे. गाडी घरापर्यंत जाते, रस्ता कच्चा आहे एवढंच.

जानकाबाई अंगणात तुरीच्या शेंगा सोलत बसल्या होत्या. सुनेशी गोंडीत बोलत होत्या, आमच्याशी वऱ्हाडीत. पंच्याहत्तरीच्या आसपास वय असावं. ताईने सगळं सांगितलं. त्यांनी शेंगांचं सूप बाजूला ठेवलं आणि खूप वेळ ताईच्या तोंडाकडे पाहत राहिल्या.

मग त्यांनी सांगितलं ते असं. तेव्हा त्या लग्न होऊन नुकत्याच माहेरी आल्या होत्या, लाइनीला लागून असलेल्या रानात कापूस वेचत होत्या. गाडी मध्येच थांबली, शिट्ट्यांवर शिट्ट्या देऊ लागली. एक तरणा माणूस धावत आला आणि कोणी सुईण आहे का म्हणून विचारू लागला. सुईणपण करायची ती जानकाबाईंची आई, पण ती बाजाराला गेलेली. शेवटी त्याच उठल्या.

"मले काई येत नोतं," त्या म्हणाल्या. "मायले पाह्यलं होतं तेवढंच."

सगळे पुरुष खाली उतरून पलीकडच्या रानात पाठ करून उभे राहिले. बायकांनी खिडक्यांना लुगडी धरली. ड्रायव्हरने इंजिनातलं कढत पाणी बादलीत काढून दिलं, आणि जानकाबाईंचा विळा इंजिनच्या आगीत धरून लाल करून आणला. पोर बाहेर आलं तेव्हा रडेना. रानात शंभर माणसं, पण कोणाचा आवाज नाही. जानकाबाईंनी पोराला उलटं धरून पाठ चोळली, चोळतच राहिल्या. ते रडलं, तशी ड्रायव्हरने अशी लांब शिट्टी दिली की वेचणाऱ्या बाया दूरच्या रानातून पळत आल्या.

मी भरावाकडे पाहिलं. अंगणातून तो दगड फेकण्याच्या अंतरावर होता.

"तुह्या मायनं पानी मांगतलं," जानकाबाई ताईला म्हणाल्या. "तो तरणा माणूस, तिचा दीर होता वाट्टे, तो म्हने, थांब वयनी, पुलगावले पेऊ. ती म्हने, मले आताच पायजे. माह्या हातचं पेली ती."

म्हणजे ताईचे काका. आजही नागपुरात आहेत. दवाखान्याची गोष्ट घरात त्यांनीच सांगितली होती. गोंड बाईच्या हातचं पाणी घरात कळू नये म्हणून, हे आम्हाला त्या अंगणात कळलं, आणि ताईची मान खाली गेली.

जानकाबाईंच्या बोलण्यात राग नव्हता. त्यांना वेगळंच काही म्हणायचं होतं. गाडी निघाली, मावशी खिडकीतून पाहत राहिली, आणि त्यानंतर कोणाचा निरोप नाही. गाडी जायची तेव्हा त्या रानात उभ्या राहून प्रत्येक खिडकीत पाहायच्या.

"पोरगी जगली का गेली, हे मले कोनी सांगतलंच नाई," त्या म्हणाल्या. "मंग गाडीच बंद झाली. आता कोनाले पाहू?"

ताईने उठून त्यांचे पाय धरले. त्यांनी तिला वर ओढून तिच्या गालांवरून, डोक्यावरून, खांद्यांवरून हात फिरवला, बाजारात गाय पारखावी तसा, नीट. मग सुनेला हाक मारून भाकरी टाकायला सांगितली. ज्वारीची भाकरी, अंबाडीची भाजी, तुरीचे ओले दाणे, म्हणजे सोले टाकून केलेलं वांगं. जेवल्याशिवाय त्यांनी आम्हाला सोडलं नाही. ताईने नेलेलं लुगडं त्यांनी तिथेच खांद्यावर घेतलं.

मुक्काम वर्ध्याला केला. स्टेशनजवळ साध्या, स्वच्छ लॉजेस मिळतात. दुसऱ्या दिवशी माझ्या हट्टाने देवळी, भिडीवरून कळंबला जाणाऱ्या नव्या लाइनीच्या गाडीत बसलो. ही गाडी रोज असतेच असं नाही, वेळ आधी विचारून घ्या. देवळीला कापसा-सोयाबीनचे सौदे उरकून निघालेले दोन म्हातारे समोर बसले आणि गाडी किती गुळगुळीत जाते यावर बोलत राहिले. वर्धा नदीच्या पुलावर सगळा डबा खिडक्यांशी जमला. खाली रुंद वाळू, निळसर पाणी, आणि दोन्हीकडे तेच काळं अफाट रान. एवढ्या मोठ्या मोकळ्या जगात एक आगगाडी एका बाईसाठी थांबली होती, हेच माझ्या डोक्यात फिरत होतं. ताई पुलावरच म्हणाली, "काकांना मी सांगणार."

घरी येऊन आठवडा झाला. मी आजवर पडक्या स्टेशनांचे पुष्कळ फोटो काढले, पण या वेळचे उघडून बघावेसेच वाटत नाहीत. डोळ्यांसमोर येतात ती पाठ करून रानात उभी राहिलेली माणसं.

काल ताई नागपूरला जाऊन आली. काकांना तिने सगळं सांगितलं, पाण्याचंही. मग त्यांनी जानकाबाईंचं नाव विचारून घेतलं, दोनदा उच्चारून पाहिलं, आणि एवढंच विचारलं, की गाडी त्यांच्या घरापर्यंत जाते का.

ताईने सांगितलं, जाते.